मापांची वही

आईला ईमेल पाठवायला आपणच शिकवलं, हे तो उठताबसता सगळ्यांना सांगायचा. जन्मभर शिवणकाम केलेल्या आईने गिऱ्हाइकांची मापं लिहायच्या वहीतच ते सगळं ओळीने उतरवून घेतलं होतं.

आज शेजारच्या काकू तिच्याकडे शिकायला आल्या. वहीवर बोट ठेवून आई एकेक ओळ सावकाश सांगत होती. काकूंचं चुकलं की हसून म्हणायची, "चुकू दे गं. उसवू आणि पुन्हा टीप मारू."

पलीकडे पेपर वाचत बसलेला तो उगाचच चुळबुळला. इतकं सावकाश आपण तिला कधी सांगितलं होतं?

"अगं, चारनंतर एकदम सहा? पाचवी ओळ गाळलीस की!" काकू म्हणाल्या.

"ती राहू दे. ती तुला नाही लागायची."

काकू गेल्यावर, आपलंच काहीतरी सांगायचं चुकलं असेल, दुरुस्त करून टाकू, असं म्हणत त्याने वही उघडली.

 

'५. इथे तो ओरडतो. दमलेला असतो. माउस सोडून गप्प बसायचं. शांत झाला की सहावी ओळ.'