बाकाची जप्ती

बेलिफाने कोर्टाचा जप्तीचा हुकूम मुख्याधिकाऱ्यांच्या टेबलावर ठेवला. त्याच्या मागे तांबोळी ठेकेदार उभे होते. नगरपरिषदेची पाण्याची टाकी त्यांनी बांधली, त्याला बारा वर्षं झाली. गाव तिचंच पाणी पितं. बिल मात्र अजून निघालेलं नाही.

मुख्याधिकारी खुर्चीवरून उठले. “न्या. माझा इथे तिसराच महिना आहे.”

“कशापासून सुरुवात करायची, ते तुम्ही दाखवा,” बेलिफ तांबोळींना म्हणाला.

तांबोळींनी त्या गुबगुबीत खुर्चीकडे पाहिलं आणि ते बाहेर आले. दाराशी लाकडी बाक होता. त्याच्या भिंतीकडच्या टोकाचा रंग त्यांच्याच बसण्याने उडाला होता. आज तिथे एक बाई मांडीवर फाइल घेऊन बसली होती.

“गटाराचं काम केलंय मी. बिलाचं विचारायला आले, तर शिपाई म्हणाला, बसा जरा.”

“मलाही तेच म्हणाला होता. उठा ताई.” तांबोळींनी बेलिफाला हाक मारली, “आधी हा बाक घ्या.”

बाक टेम्पोत चढला. बाई थोडा वेळ उभी राहिली. मग बसायला काहीच नाही म्हटल्यावर दार ढकलून सरळ आत गेली.