हात न टेकता

भिंगरी गादीवर उताणी पडून छताकडे बघत होती.

"आता उठून उभी राहा. हात कुठे टेकवायचे नाहीत," फिजिओथेरपिस्ट म्हणाली.

भिंगरी कुशीवर वळली, मग पालथी झाली. दोन्ही हात गादीवर रोवून तिने कंबर वर उचलली. एक हात गुडघ्यावर ठेवला, मग दुसरा. शिडी चढावी तसे तळवे मांड्यांवरून वर वर सरकवत ती उभी राहिली.

कोपऱ्यातल्या खुर्चीत बसलेल्या आईने मान फिरवली.

"अगदी अशीच," ती म्हणाली. "थोरली अशीच उठायची."

हे फिजिओथेरपिस्टला वेगळं सांगायला नको होतं. थोरलीला तिने याच गादीवर कितीतरी वर्षं तपासलं होतं. कुशीवर वळता येतं का, बसता येतं का, रांगता येतं का, पायरी चढता येते का. दर खेपेला त्यातलं काहीतरी गळायचं. आधी पळणं गेलं, मग जिना, मग चालणं. शेवटी बसल्या जागी मान सावरणंही जमेना. त्या काळात ही धाकटी खोलीभर हुंदडायची. रचलेले ठोकळे पाडायची, तपासणीचा चेंडू घेऊन पसार व्हायची. भिंगरी हे नाव तिला फिजिओथेरपिस्टनेच ठेवलं होतं. थोरली चाकांच्या खुर्चीतून तिचा धुडगूस बघायची आणि खो खो हसायची.

हिवाळा लागला तशी थोरलीला सर्दीचं निमित्त झालं. छाती भरली आणि ती गेली.

आणि आता ही.

"पहिल्यांदा वाटलं, पाय मुरगळला असेल," आई सांगत होती. "पण पळणं बंदच झालंय हिचं. जिना कठड्याला धरून चढते. उठताना हे असं. हिचे बाबा आज येतो म्हणाले होते, ऐनवेळी कामावर निघून गेले. बघवत नाही त्यांना. डॉक्टरांनी रक्त घेतलंय, पण ते कळेपर्यंत जिवाला चैन नाही. तुम्हीच बघून काय ते सांगा. माझी तयारी आहे."

तिची तयारी नव्हती. पदराचं टोक ती बोटाला गुंडाळत होती, सोडत होती, पुन्हा गुंडाळत होती.

"परत एकदा कर गं राणी," फिजिओथेरपिस्ट म्हणाली आणि गादीच्या कडेला उकिडवी बसली.

भिंगरीने परत तसंच केलं. कुशीवर, पालथी, गुडघे, मांड्या. पण या वेळी फिजिओथेरपिस्ट फक्त तिचे हात बघत होती. थोरलीचे तळवे मांडीत रुतायचे. बोटांची टोकं पांढरी पडायची, ओठ दाताखाली जायचा. या पोरीचे हात मांडीवरून नुसते फिरत होते. त्यांच्यावर भार असा नव्हताच.

तिच्या मनात काहीतरी हललं. तिने ते चेहऱ्यावर येऊ दिलं नाही. या आईला उगाच आशा लावायची नव्हती.

"तुम्ही जरा बाहेर बसता का?" ती सहज म्हणाली. "आई समोर असली की पोरं लाडात येतात."

आई बाहेर गेली. दार लागलं. फिजिओथेरपिस्टने भिंगरीला काहीच करायला सांगितलं नाही. तिने चेंडू उचलला आणि खोलीतल्या सरावाच्या पायऱ्यांच्या दिशेने घरंगळत सोडून दिला.

भिंगरीने चेंडूकडे बघितलं. मग दाराकडे बघितलं. दार बंद होतं.

ती टुणकन उठली. हात कुठेच टेकला नाही. धावत जाऊन चेंडू गाठला, त्याला सणसणीत लाथ मारली, लाकडी पायऱ्या धडाधड चढली आणि वरून उडी मारली. लंगडी घालत परत आली.

"अजून टाक ना, मावशी."

फिजिओथेरपिस्टने खिडकीकडे तोंड फिरवलं. वाईट बातमी कशी सांगायची ते तिला सवयीने येत होतं. ही कशी सांगायची ते सुचेना. शेवटी तिने जाऊन दार उघडलं.

"आत या. हिची करामत बघा."

आई उंबऱ्यात आली. तिला बघताच भिंगरी मटकन खाली बसली. मग कुशीवर वळली, पालथी झाली आणि गुडघ्यांवर हात ठेवून सावकाश उठू लागली.

"काय गं?" फिजिओथेरपिस्ट तिच्याजवळ बसली. "आत्ता तर कशी झटकन उठलीस. मग आता काय झालं?"

भिंगरीने तिच्या गळ्यात हात टाकून कानाला तोंड लावलं. पण लहान मुलांचं कुजबुजणं खोलीभर ऐकू जातं.

"आईला नको सांगूस. मी पळाले की ती आत जाऊन रडते. ताईसारखी उठले की जवळ घेते."

आईने दाराची चौकट धरली.

फिजिओथेरपिस्टच्या ओठांवर आलेली बातमी तिथेच राहिली. आता ती सांगायची गरज नव्हती. आई हळूहळू आत आली, गादीवर बसली. लेकीला कुशीत ओढायला तिने हात पुढे केले. मग मध्येच थांबवले आणि मागे घेऊन मांडीवर घट्ट धरून ठेवले.

"पळून दाखव मला," ती म्हणाली.

भिंगरी जागची हलली नाही. आईच्या चेहऱ्याकडे निरखून बघत राहिली.

"तू रडतेयस," ती म्हणाली.

"हो," आई म्हणाली. "मी रडेन. तू पळ."