एक खांदा

"दोघांतला एक कोणीतरी पालखीला हवा," रावजी गावकर म्हणाले. "दुसरा जाऊदे मुंबईला."

पालखी टेकवायच्या दगडी ओट्याभोवती, सहाणेभोवती, बसलेल्या माणसांनी बुधाजीकडे पाहिलं. कोण जाणार हे सगळ्यांनी धरलेलंच होतं. विचारायचं म्हणून विचारणं चाललं होतं.

पालखीच्या पुढच्या दांडीला दोन घरांचा मान होता, एक बुधाजीचं आणि एक सदूचं. दुसऱ्याच्या मानाखाली खांदा घालणारा माणूस तळ्याच्या त्या वाडीत जन्मला नव्हता. मागल्या शिमग्याला दोघेही मॅचसाठी मुंबईत राहिले, तर पालखी दिवस मावळेपर्यंत देवळाच्या दारातच थांबली. शेवटी सत्तरीच्या रावजींनी देवाची माफी मागून ती उचलली. तेव्हापासून गावाने ठरवलं होतं, एक खांदा दोन्ही घरांचा मान राखील, पण तो एक चुकायचा नाही.

आणि या वर्षी, एकोणीसशे चौतीसच्या शिमग्यात, पालखीच्याच दिवशी गिरण्यांच्या फुटबॉल करंडकाची फायनल आली होती.

बुधाजी चौदा वर्षं गिरणीच्या क्लबातून खेळत होता. कागदोपत्री तो कापडखात्यात होता, पण पगार पायांचा मिळायचा. मैदानाच्या मधोमध त्याची जागा. पुढच्यांना बॉल काढून द्यायचा, मागच्यांच्या मदतीला धावायचं. गोल केल्याचं त्याचं नाव कधी झालं नाही, पण तो नसला की गोल व्हायचे नाहीत. चौदा वर्षांत क्लब एकदाही फायनलला पोचला नव्हता. यंदा पोचला होता.

"दादा, तूच जा," सदू म्हणाला. "मी देतो खांदा."

बाविशीचा पोरगा. बुधाजीनेच त्याला गिरणीत चिकटवला, त्यानेच बॉल अडवायला शिकवलं. बोलताना त्याच्या तोंडावर कसलाच रुसवा नव्हता. तेच बुधाजीला सोसेना.

कारण यंदाच्या मोसमात काय घडलं ते त्या दोघांनाच माहीत होतं. बुधाजीचं पाऊल उशिरा पडू लागलं होतं. फार नाही, अर्धं पाऊल. पण प्रत्येक वेळी बॉल त्याला चुकवून निसटला की मागे सदू उभा असायचा. लोकांना वाटायचं, दोघांनी ठरवूनच जाळं टाकलंय. सदूने हे कधी बोलून दाखवलं नाही. मैदानातून परतताना तो बुधाजीच्या मागूनच चालायचा.

क्लब सांभाळणाऱ्या म्हाताऱ्या मिस्त्रीशेटनी तीनदा विचारलं होतं, "बुधाजी, माझ्या जागी येते काय? मॅनेजर हो." तिन्ही वेळा बुधाजीने सांगितलं होतं, अजून पायांत खेळ हाय.

"बोल की रं," रावजी म्हणाले. "देव ताटकळलाय."

बुधाजीने शेजारच्या ताटातला गुलाल चिमटीत घेतला आणि सहाणेच्या दगडावर ठिपके काढायला सुरुवात केली.

"सदू, इकडं बस. ह्यो त्यांचा उजवा गडी. पळतो घोड्यावानी, पन वळता येत न्हाय त्याला. त्याला कडेला जाऊ दे. तू मधी यायचंस, माझ्या जागेव. तुझ्या जागेव धर्माला घे."

"आन तू?"

"मी हितं."

माणसं वाकून ठिपके पाहू लागली. मग रावजी म्हणाले, "अरे मेल्या, देवाच्या सहाणेवर रांगोळी कसली काढतोस?"

"देवालाबी कळूदे की कसं खेळायचं त्ये," बुधाजी म्हणाला. माणसं हसली. सदू हसला नाही.

"दादा, चौदा वर्सं थांबलास तू ह्या एका मॅचसाठी."

"व्हय. म्हून तर ती हरायची न्हाय." त्याने बोटं धोतराला पुसली. "आन मिस्त्रीशेटला सांग, त्यांनी इचारलेलं मला कबूल हाय. परत आलो की ताबा घेतो. मग माझ्याम्होरं उशिरा यायचं न्हाय, सांगून ठेवतो."

दुसऱ्या दिवशी पहाटे सदू मांदाडच्या खाडीतून होडीने दिघीला गेला. तिथून आगबोट. बुधाजी पोचवायला गेला नाही. घरी त्याची बायको बायजा त्याच्या गुडघ्याला तेल चोळताना एवढंच म्हणाली, "आता रडायचं आसंल तर रडून घ्या. पालखीखाली रडलात तर लोकं म्हनतील आंगात आलं."

पालखीच्या दिवशी ऊन कलायला लागलं तेव्हा पुढच्या दांडीला बुधाजी एकटा होता. ढोल वाजत होते. मुंबईत आता शिटी झाली असेल, त्याच्या मनात आलं. मग त्याला ढोल ऐकू येईनासे झाले. उजवा गडी कडेने सुटला होता. धर्मा घाई करत होता. सदू मध्ये होता, पण थोडा मागे रेलला होता, सवयीने, कोणाची तरी चूक सावरायला.

"म्होरं हो," बुधाजी पुटपुटला. "मागं आता कुनाला सावरायचं न्हाय तुला."

शेजारून चालणारे रावजी हसले. "काय रं, जिंकतोय का आपला क्लब?"

"थांबा, गावकर. अजून अर्धी बाकी हाय."

पालखी घरोघर फिरली. बायकांनी ओवाळलं, गुलाल उडाला, गुडघा दोनदा लचकला. बुधाजीला सगळं मैदान दिसत होतं, या टोकापासून त्या टोकापर्यंत. चौदा वर्षांत ते त्याला असं कधी दिसलं नव्हतं. अकराही गडी दिसत होते, कोण दमलाय, कोण घाबरलाय, कोणाला एक शब्द हवाय.

त्या अकरांत आपण कुठेच नाही, हे त्याच्या लक्षात आलं तेव्हा पालखी केव्हाच देवळात टेकली होती.