लेकुरवाळा तारा

डब्याचं झाकण खणकन पडलं आणि ताऱ्यांच्या नोंदी तपासणारी शर्वाणी दचकली.

"मी नाही पाडलं!" सहा वर्षांची जुई तोंडात लाडू कोंबून म्हणाली.

"हो गं, डबाच चावट आहे."

यानावर ताऱ्यांचे दोनच वर्ग होते. ज्याच्या ग्रहांवरून माणसांचे आवाज येतात तो लेकुरवाळा, बाकीचे एकटे. आज मागे सोडून आलेल्या सूर्याची पाळी होती. तिथून आलेला शेवटचा आवाज शर्वाणीच्या आईचा होता: "लाडवांचा पाक फार पक्का करू नकोस." त्यानंतर वर्षभर नुसती शांतता होती. नियमाप्रमाणे शर्वाणीने 'लेकुरवाळा' खोडून 'एकटा' लिहिलं.

जुईने अक्षरं जुळवत ते वाचलं.

"पण आई, आपण त्याचीच लेकरं ना? मग तो एकटा कसा?"