रजिस्टरात नसलेले एकवीस दिवस

गोरखला कामावर परत घ्यायचा कोर्टाचा आदेश होता. तो कागद आणि डबा घेऊन गोरख एकवीस दिवस फर्स्ट शिफ्टला चाकणच्या कंपनीच्या गेटवर गेला. वॉचमन लिंबराजला साहेबांची ताकीद: “आत सोडू नको, रजिस्टरात नावही लिहू नको.” दुपारी गेटबाहेर जेवताना गोरख लिंबराजला अर्धी भाकरी द्यायचा. आज गोरखनं लावलेल्या कोर्टाच्या अवमानाच्या खटल्यात कंपनीच्या वकिलानं साक्षीला उभ्या लिंबराजला तेच रजिस्टर दाखवून विचारलं, “हा माणूस गेटवर आला होता?” लिंबराजला समोर बसलेले साहेब दिसले. “न्हाई, एकदाबी न्हाई,” त्याच्या तोंडातून निघून गेलं. गोरखचा अर्ज फेटाळला गेला. मान खाली घालून लिंबराज बाहेर पडला, तर पायरीवरून गोरखची हाक आली, “नाना, बसा की. वाटलं, इथनं थेट सेकंड शिफ्टलाच जाईन. डबा घेऊन आलतो.” त्यानं भाकरी मोडली आणि सवयीनं अर्धी पुढे केली.