टीव्हीवरचा पाद्री

थोरकिल विंथरने ओडेन्स शहराच्या रंगभूमीवर तीस वर्षं राजे आणि खुनी रंगवले, तेव्हा रस्त्यात त्याला कुणी ओळखत नव्हतं. मग तो टीव्ही मालिकेत पाद्री झाला आणि घराघरांत पोहोचला. खुब्याच्या ऑपरेशनसाठी तो दवाखान्यात होता, तेव्हा शेजारच्या खोलीत शेवटच्या घटका मोजणाऱ्या गुद्रुनबाईंनी त्याला बोलावून घेतलं.

"अहो बाई, मी नट आहे. देवबिव मानतसुद्धा नाही मी."

"ठाऊक आहे रे. खरा पाद्री सकाळीच येऊन गेला. प्रार्थना म्हणताना दोनदा जांभई दिली मेल्यानं. तू म्हण."

थोरकिलने त्यांचा हात हातात घेतला आणि मालिकेतली प्रार्थना जीव ओतून म्हटली. म्हणता म्हणता त्याला खरंच रडू फुटलं.

गुद्रुनबाईंनी एक डोळा उघडला. "पुन्हा घे. रडणं जरा कमी कर."