विलंबाचं कारण

सरकारी वकील मेट्रनबाईंच्या कानाशी लागले होते. कोर्टाच्या दारातूनच सिस्टरला ते दिसलं आणि ती तिथेच थांबली.

"म्हटलं होतं ना, कुठेतरी पाणी मुरतंय," ती नवऱ्याला म्हणाली. "माझ्या बाजूने बोलायला आल्यात म्हणे."

"आधी बोलू तर दे त्यांना," नवरा म्हणाला.

त्याला बोलायला काय जातंय? खूप वर्षांपूर्वी एका दुपारी वॉर्डातला ऑक्सिजन संपत आला, तेव्हा "स्टोअरमधून सिलिंडर घेऊन ये, वॉर्ड मी बघते," असं मेट्रनबाईंनीच तिला सांगितलं होतं. ती परत आली तोवर एक पेशंट अत्यवस्थ झाला होता. तो वाचला, पण चौकशी लागली. चौकशीत मेट्रनबाई म्हणाल्या, "मला आठवत नाही." वॉर्ड वाऱ्यावर सोडून गेल्याचा ठपका सिस्टरवर बसला. तीन वेतनवाढी कायमच्या रोखल्या गेल्या. पगार शेवटपर्यंत मागेच राहिला आणि पेन्शनही त्याच हिशेबाने बसलं.

एकदा केसाने गळा कापला गेल्यावर सिस्टर ताकही फुंकून पिऊ लागली. मेट्रनबाई समोरून आल्या की ती वाट बदलायची. त्यांनी दोनदा तिला खोलीत बोलावलं. दोन्ही वेळा ती दुसऱ्या सिस्टरला सोबत घेऊन गेली. मेट्रनबाईंनी चादरींची विचारपूस केली आणि दोघींना परत पाठवलं. दावा लावायचा तर साक्षीदार हीच एक बाई. म्हणून दावा राहिला तो राहिलाच. निवृत्तीनंतर मुलीने तगादा लावला, तेव्हा कुठे तिने वकीलबाई गाठल्या. त्यांनी तिचं न ऐकता मेट्रनबाईंनाच साक्षीला बोलावलं.

मेट्रनबाई काठी टेकत पिंजऱ्यात उभ्या राहिल्या.

"हिला मीच पाठवलं होतं," त्या म्हणाल्या. "वॉर्ड मी बघायचा होता. मला फोन आला, मी बाहेर गेले. चूक माझी."

"इतक्या वर्षांपूर्वीचं तुम्हाला नक्की आठवतंय?" सरकारी वकिलांनी विचारलं.

"मघाशी बाहेर तुम्ही हेच शिकवत होता, आठवत नाही म्हणा. ते एकदा म्हणून झालंय माझं."

आता पुढे एखादा 'पण' येणार, म्हणून सिस्टर अंग चोरून बसली होती. 'पण' काही आला नाही.

निकाल लागला. ठपका पुसला गेला, रोखलेल्या वेतनवाढी परत मिळाल्या. थकबाकी मात्र दाव्याआधीच्या तीनच वर्षांची. त्याआधीच्या सगळ्या वर्षांवर, दावा उशिरा लावल्यामुळे, पाणी सोडावं लागलं.

मेट्रनबाई निकाल ऐकायला आल्या होत्या. सिस्टरने त्यांना फाटकापाशी गाठलं. आनंद व्हावा तसा तिला होत नव्हता.

"खरं बोलायला इतकी वर्षं का लावलीत?"

मेट्रनबाईंनी काठी फाटकाला टेकवली.

"आपणहून बोलायची छाती नव्हती गं. पण कोर्टाने शपथ घातली असती, तर खोटं बोलले नसते. दरवर्षी वाटायचं, यंदा तरी तुझ्या दाव्याचं समन्स येईल आणि मी सुटेन." त्यांनी मान वर करून तिच्याकडे पाहिलं. "तू दावाच लावला नाहीस."